सालदाराची साक्ष

माझ्या थोरल्या भावावर २०१७ च्या डिसेंबरमध्ये, रात्रीच्या विजेवर केळीला पाणी देत असताना, आमच्याच भाऊबंदांपैकी तिघांनी हल्ला केला. वाद बांधाचा होता आणि तो आमच्या आबांच्या हयातीपासून चालत आलेला होता. दादाचा डावा हात कोपराखाली मोडला, डोक्याला खोल जखम झाली आणि आज त्या हातात धातूची पट्टी असल्यामुळे केळीचा घड खांद्यावर घेणे त्याला जमत नाही. तालुक्याच्या न्यायालयाचा निकाल लागायला २०२३ साल उजाडले. या काळात फौजदारी कायद्याच्या ज्या वाटेने आम्ही गेलो ती लिहून ठेवावी असे मला दोन कारणांनी वाटते. बांधावरून, पाण्यावरून, पाइपलाइनवरून होणारी मारहाण तापीकाठच्या आमच्या भागात वर्षानुवर्षे घरातले भांडण म्हणून मिटवली जाते आणि मार खाल्लेल्या माणसाला कायद्याने काय दिले आहे हे त्याला कोणी सांगत नाही, हे पहिले कारण. दुसरे असे, की आमचा खटला ज्या एका माणसाच्या शब्दावर उभा राहिला, त्या माणसाने त्यापायी काय सोसले याची नोंद निकालपत्रात नाही. ती कुठेतरी असायला हवी.

मी सासरी, दुसऱ्या तालुक्यात राहते आणि शाळेत शिकवते. निरोप मिळताच पहाटे मी ग्रामीण रुग्णालयात पोहोचले, तेव्हा दादाच्या डोक्याला टाके घालून झाले होते. रात्रपाळीच्या डॉक्टरांनी काय झाले असे विचारल्यावर वहिनीने तिघांची नावे घेऊन लोखंडी पाइपने मारल्याचे सांगितले होते आणि डॉक्टरांनी ते तसेच्या तसे नोंदवहीत लिहून घेतले होते. रुग्णालयात ज्या नोंदीला सगळे एमएलसी म्हणतात, ती ही वैद्यकीय-न्यायिक नोंद. त्या वेळी ती आम्हाला एक सरकारी सोपस्कार वाटली. पुढे उलटतपासात "ही नावे तुम्ही नंतर ठरवून घातली" असा आरोप झाला, तेव्हा घटनेनंतर काही तासांच्या आत, पोलिसांच्या आधी, एका तटस्थ माणसाने लिहून ठेवलेली ती ओळच आमच्या उपयोगी पडली.

पोलीस ठाण्यात मात्र आमच्या हातात अदखलपात्र खबरेची पावती देण्यात आली. साधी मारहाण, शिवीगाळ आणि धमकी एवढाच मजकूर तिच्यात होता. दखलपात्र आणि अदखलपात्र यांतला फरक सामान्य माणसाला माहीत नसतो, म्हणून येथे सांगते. अदखलपात्र नोंदीवर न्यायदंडाधिकाऱ्यांच्या आदेशाशिवाय पोलिसांना तपासच करता येत नाही. ती पावती घेऊन घरी आलेला माणूस तक्रार झाली असे समजून बसतो आणि प्रत्यक्षात काहीही सुरू झालेले नसते. हाड मोडलेले असताना ही पावती पुरेशी नाही, हे आम्हाला आमच्या वकीलबाईंनी सांगितले. दखलपात्र गुन्ह्याची माहिती मिळाल्यावर प्रथम खबर (एफआयआर) नोंदवणे पोलिसांवर बंधनकारक आहे, असे सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने ललिता कुमारी प्रकरणात २०१३ साली स्पष्ट केले आहे. ठाण्यात खबर घेतली जात नसेल तर तेव्हाच्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १५४(३) प्रमाणे ती पोलीस अधीक्षकांकडे टपालाने पाठवता येत असे, आणि तेवढ्यानेही झाले नाही तर कलम १५६(३) खाली न्यायदंडाधिकाऱ्यांकडे जाता येत असे. आम्ही रजिस्टर पोस्टाने अर्ज पाठवला, त्याची पोचपावती जपून ठेवली आणि काही दिवसांनी भारतीय दंड संहितेच्या कलम ३२६ (घातक हत्याराने जबर दुखापत), ५०४ (चिथावणारा अपमान), ५०६ (धमकी) आणि ३४ (समान उद्देश) खाली गुन्हा दाखल झाला. १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहिता आणि भारतीय नागरिक सुरक्षा संहिता लागू झाल्यामुळे कलमांचे आकडे बदलले आहेत. खबरेचे कलम आता नागरिक सुरक्षा संहितेत १७३ आहे आणि तिची प्रत फिर्यादीला किंवा पीडिताला विनामूल्य मिळण्याचा हक्क आहे.

यानंतरचे महत्त्वाचे काम वैद्यकीय प्रमाणपत्राचे होते. पहिल्या प्रमाणपत्रात डोक्याची जखम साधी लिहिलेली होती आणि हाताविषयीचे मत क्ष-किरण तपासणीपर्यंत राखून ठेवलेले होते. जबर दुखापत कशाला म्हणायचे याचे आठ प्रकार भारतीय दंड संहितेच्या कलम ३२० मध्ये दिलेले होते आणि हाड मोडणे हा त्यातला एक. दुखणे तीव्र असेल किंवा माणूस नेहमीची कामे वीस दिवस करू शकत नसेल, तर तेही जबर दुखापतीत धरले जाई. नव्या संहितेत ही मुदत पंधरा दिवसांवर आणली आहे. पण हाड मोडल्याचे अंतिम प्रमाणपत्र आपोआप पोलिसांपर्यंत जात नाही. शस्त्रक्रिया जळगावला खासगी रुग्णालयात झाली होती. तेथील क्ष-किरणांच्या फिल्म, त्यांचा अहवाल आणि शस्त्रक्रियेची टिपणे तपासी अंमलदारांकडे रीतसर देऊन त्यांची पोच घ्यावी लागली. फिल्मच न्यायालयासमोर आली नाही तर नुसत्या प्रमाणपत्रावर हाड मोडल्याचे सिद्ध होणे कठीण जाते आणि खटला जबर दुखापतीवरून साध्या दुखापतीवर घसरतो. ज्यांच्या घरी असा प्रसंग येईल त्यांनी या फिल्म स्वतःच्या कपाटात सुरक्षित आहेत यावर समाधान मानू नये. त्या तपासाच्या कागदपत्रांत गेल्या आहेत की नाहीत हे पाहावे.

आरोपींना सत्र न्यायालयातून जामीन मिळाला. दोषारोपपत्र दाखल होईपर्यंत गावात यायचे नाही ही अट होती, आणि ती मुदत संपल्यावर आरोपी आणि आम्ही एकाच पाणवठ्यावर, एकाच किराणा दुकानात रोज समोरासमोर येऊ लागलो. फौजदारी खटला सरकार चालवते, पीडित हा त्यात केवळ साक्षीदार असतो, असे आम्हाला अनेकांनी सांगितले. ते अर्धेच खरे आहे. पीडिताला आपला वकील नेमता येतो. तो सरकारी अभियोक्त्याच्या निर्देशाखाली काम करतो आणि पुरावा संपल्यावर न्यायालयाच्या परवानगीने लेखी युक्तिवाद देऊ शकतो. लखीमपूर खिरी प्रकरणात एप्रिल २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने, जामिनाच्या सुनावणीसह प्रत्येक टप्प्यावर पीडिताला ऐकले जाण्याचा हक्क आहे, असे म्हटले. आमच्या वेळी दोषारोपपत्राची प्रतसुद्धा आम्हाला नकलेचा अर्ज करून मिळवावी लागली होती. आता वकील नेमलेल्या पीडिताला ती देण्याची तरतूद आहे, आणि तपास कुठवर आला हे नव्वद दिवसांच्या आत पीडिताला कळवणे पोलिसांना बंधनकारक आहे. हे हक्क मागणाऱ्यालाच मिळतात. सहायक सरकारी अभियोक्त्यांकडे एका दिवशी इतकी प्रकरणे असतात की आपल्या प्रकरणातली क्ष-किरणांची फिल्म कोणत्या पानामागे आहे हे त्यांना दाखवणारे कोणीतरी तेथे असावे लागते.

गावातून तडजोडीचा दबाव पहिल्या आठवड्यापासून होता. ज्येष्ठ मंडळी घरी येत, मायजवळ बसत, भाऊबंदकी पिढ्यान्पिढ्या निभवायची असते असे सांगत. सासरी गेलेल्या लेकीने माहेरच्या वादात पडू नये, हेही मला ऐकवले गेले. दवाखान्याचा खर्च द्यायला आरोपींचे घर तयार होते. झाले ते चुकीचे होते असे चार लोकांत म्हणायला मात्र ते तयार नव्हते, आणि दादाला नेमके तेच हवे होते. येथे कायद्यातली एक गोष्ट समजून घेण्यासारखी आहे. कलम ३२६ चा गुन्हा आपसात मिटवता येत नाही, न्यायालयाच्या परवानगीनेसुद्धा नाही. तो रद्द करून घ्यायचा तर उच्च न्यायालयात, म्हणजे खान्देशातल्या लोकांना औरंगाबाद खंडपीठात जावे लागते. परिणामी तडजोड कागदावर होत नाही, ती साक्षीच्या पिंजऱ्यात होते. साक्षीदार येतो, शपथ घेतो आणि मी काही पाहिले नाही असे म्हणतो. सरकार पक्ष त्याला फितूर घोषित करतो आणि खटला संपतो. तडजोडीची बोलणी आमच्याकडून फिसकटल्यावर सगळा दबाव आमच्या घरावरून उठून साक्षीदारांवर जाऊन बसला. घटनास्थळ पंचनाम्याचे दोन्ही पंच फितूर झाले. पलीकडच्या मळ्यातल्या दोघा शेतकऱ्यांनी पोलिसांना दिलेले जबाब नाकारले.

उरले ते एक सालदार, म्हणजे वर्षाच्या कराराने शेतावर काम करणारे मजूर. ते गावालगतच्या भिल्ल वस्तीत राहणारे, वयाने दादाहून बरेच मोठे, आणि शेजारच्या एका तिसऱ्याच शेतकऱ्याकडे सालाने होते. त्या रात्री तेही आपल्या मालकाच्या केळीला पाणी भरत होते. आरडाओरडा ऐकून धावत आले, दादाला खांद्यावर टाकून त्यांनीच रस्त्यापर्यंत आणले आणि दुसऱ्या दिवशी पोलिसांना जे दिसले ते सांगितले. आमच्याकडे सालदारकीचे वर्ष आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, सुरू होते आणि आखाजीलाच संपते. त्या दिवशी नवा करार होतो, उचल मिळते, घरात धान्य येते. २०१८ च्या आखाजीला त्यांच्या मालकाने त्यांचे साल पुढे चालवले नाही. कारण दिले गेले नाही. गावातल्या इतर मळ्यांतूनही त्यांना कोणी बोलावले नाही.

दादा आणि वहिनी त्यांना आमच्याकडे सालावर घ्यायला निघाले होते. वकीलबाईंनी थांबवले. फिर्यादीच्या पगारावर असलेला साक्षीदार हितसंबंधी ठरतो, त्याची साक्ष विकत घेतली असे म्हणायला बचाव पक्षाला जागा मिळते, म्हणून साक्ष होईपर्यंत त्यांना काम, पैसे, धान्य काहीही द्यायचे नाही, असे त्यांनी बजावले. कायद्याच्या दृष्टीने तो सल्ला बरोबर होता आणि आम्ही तो पाळला. पण ज्या माणसाने आमच्या भावाचा जीव वाचवला त्याची चूल आमच्या खटल्यामुळे अडली आहे हे दिसत असताना त्याला हात न देणे, हे या सगळ्या वाटेवरचे मला सर्वांत जड गेलेले पाऊल होते. साक्षीदाराने निर्भय राहावे अशी अपेक्षा कायदा करतो. पण तो ज्या मजुरीवर जगतो ती गावाच्या हातात असते आणि साक्ष व्हायला वर्षे लागतात. या मधल्या वर्षांची जबाबदारी कोणावरच नाही. सालदार अखेर कुटुंबासह गुजरातमधल्या बारडोलीकडे ऊसतोडीला गेले.

५ डिसेंबर २०१८ रोजी सर्वोच्च न्यायालयाने महेंदर चावला प्रकरणात साक्षीदार संरक्षण योजना मान्य केली आणि संसद वा विधिमंडळ कायदा करेपर्यंत तीच देशभर कायदा म्हणून लागू राहील असे सांगितले. जिल्हा व सत्र न्यायाधीश अध्यक्ष असलेली समिती अर्जावर निर्णय घेते. पोलिसांकडून धोक्याचा अहवाल मागवते. साक्षीदाराला न्यायालयात ने-आण करताना सोबत देणे, आरोपीशी समोरासमोर येऊ न देणे असे उपाय त्यात आहेत. आम्ही सालदारांच्या सहीने, म्हणजे अंगठ्याने, असा अर्ज केला. साक्षीच्या दिवशी पोलीस सोबत देण्याचा आदेश झाला. एवढेच मिळाले, पण तेवढ्याने पिंजऱ्याबाहेरच्या व्हरांड्यात त्यांना घेरून उभे राहणारे लोक त्या दिवशी लांब राहिले. रोजगार गेल्याबद्दल काही द्यावे असे या आदेशात नव्हते. साक्षीदाराला न्यायालयात येण्याचा खर्च देण्याची तरतूद फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम ३१२ मध्ये होती. ती रक्कम मागावी लागते हे फार थोड्या साक्षीदारांना माहीत असते.

२०२० मध्ये करोनामुळे न्यायालये बंद राहिली आणि प्रकरण पुढे सरकले नाही. ई-कोर्ट्स या न्यायालयांच्या संकेतस्थळावर प्रकरणाचा क्रमांक टाकून पुढची तारीख बघणे एवढेच आमच्या हाती होते. सालदारांची साक्ष २०२२ मध्ये झाली. मुकादमाकडून घेतलेली उचल फिटायची होती आणि तोड अर्ध्यावर टाकून येणे म्हणजे खाडे अंगावर घेणे होते. तरी समन्स हातात पडल्यावर ते सुरत-भुसावळ गाडीने आले.

उलटतपास जवळजवळ दिवसभर चालला. रात्र होती, केळीची बाग होती, तुम्हाला कसे दिसले, हा बचाव पक्षाचा मुख्य प्रश्न होता आणि तो रास्त होता. किती फुटांवरून पाहिले असे विचारल्यावर त्यांनी फुटांत उत्तर दिलेच नाही. सात-आठ ओळी पलीकडून, असे ते म्हणाले. आमच्याकडे केळीची लागवड साधारण पाच बाय पाच फुटांवर होते, त्यामुळे ते अंतर चाळीस फुटांच्या आत बसते, हे सरकारी अभियोक्त्यांनी फेरतपासात मांडले. केळीची पाने आड आली असतील, या सूचनेवर त्यांनी सांगितले, की ती कांदेबाग होती, मृगबाग नव्हती; रोपे कमरेच्याही खाली होती. हे उत्तर कोणी पढवलेले नव्हते. जूनमध्ये लावलेली मृगबाग डिसेंबरात माणसाच्या डोक्यावर जाते आणि नवरात्राच्या सुमारास लावलेली कांदेबाग तेव्हा लहान असते, हे ज्याने आयुष्यभर केळीत काम केले त्याला सांगावे लागत नाही. रोपांच्या खरेदीचे ऑक्टोबरचे बिल दादाने आधीच दिले होते, ते या उत्तराशी जुळले. विहिरीवर दिवा चालू होता की नाही याचा पंचनाम्यात उल्लेख नव्हता. तेव्हा त्या रात्री त्या फीडरवर वीज होती याचा अभिलेख वीज कंपनीकडून मागवण्यात आला. तुम्ही फिर्यादीकडून पैसे घेतले का, या प्रश्नावर त्यांनी सरळ नाही म्हटले. त्या क्षणी मला वकीलबाईंच्या सल्ल्याची किंमत कळली आणि ती किंमत कोणी मोजली तेही कळले. "मी जे दखं तेच सांगसू," एवढे एक वाक्य ते अहिराणीत पुन्हा पुन्हा म्हणत राहिले आणि न्यायाधीशांनी ते मराठीत लिहून घेतले.

मायचीही साक्ष झाली, पण ती घटनास्थळी नव्हती, त्यामुळे ती लवकर आटोपली. शस्त्रक्रिया करणाऱ्या डॉक्टरांनी फिल्म दाखवून हाताच्या हाडांविषयी सांगितले. पाइप आरोपीच्या गोठ्यातून जप्त झाल्याचा पंचनामा, पंच फितूर झाल्यामुळे, तपासी अंमलदारांनी स्वतःच्या साक्षीने सिद्ध केला.

निकालात दोघांना कलम ३२६ खाली दोषी ठरवून दोन वर्षे सक्तमजुरी आणि दंड झाला; दंडातली रक्कम भरपाई म्हणून दादाला देण्याचा आदेश झाला. जन्मठेपेपर्यंत शिक्षा असलेल्या कलमात दोनच वर्षे कशी, असे गावात अनेकांनी विचारले. हे कलम प्रथम वर्ग न्यायदंडाधिकाऱ्यांपुढे चालत असे आणि त्यांना तीन वर्षांपेक्षा जास्त कैद आणि दहा हजार रुपयांपेक्षा जास्त दंड करण्याचा अधिकारच जुन्या संहितेत नव्हता. त्याहून अधिक शिक्षा योग्य वाटली तर प्रकरण मुख्य न्यायदंडाधिकाऱ्यांकडे पाठवता येत असे. येथे तसे झाले नाही. मला शिक्षेच्या वर्षांपेक्षा निकालपत्रातला एक परिच्छेद मोलाचा वाटतो. दादाने आधी हात उचलला, अशी उलट तक्रार आरोपींनी केली होती आणि गावात तीच गोष्ट सांगितली जात होती. दादा नि:शस्त्र होता आणि पाणी भरत होता, हे न्यायालयाने पुराव्यानिशी लिहिले. मायने ते माझ्याकडून वाचून घेतले.

तिसरा आरोपी संशयाचा फायदा मिळून सुटला. तो वयाने सर्वांत मोठा, त्याने स्वतः मारले नाही. तो बांधावर उभा राहून सांगत होता आणि इतर दोघे मारत होते, असे दादाचे म्हणणे आहे. सालदारांनी आवाज ऐकला होता, पण तो नेमका कोणाचा हे शपथेवर सांगता येणार नाही असे ते म्हणाले. त्यांनी अंदाजाने नाव घेतले असते तर कदाचित तिसराही अडकला असता. त्यांनी ते घेतले नाही, म्हणून त्यांच्या बाकीच्या साक्षीवर न्यायालयाने विश्वास ठेवला, असे मी समजते.

निकालानंतरच्या आखाजीला दादा त्यांच्या घरी जाऊन साल ठरवायला बसला, तेव्हा त्यांनीच विचारले, की प्रकरण संपले का. दोघांनी शिक्षेविरुद्ध सत्र न्यायालयात अपील केले आहे आणि शिक्षेला स्थगिती मिळाली आहे, हे कळल्यावर, ते संपेपर्यंत तुमच्या मळ्यात येत नाही, असे ते म्हणाले. त्यांचा मुलगा आता तालुक्याच्या गावी बांधकामावर जातो आणि ते त्याच्याकडे राहतात.

आमचेही अपील आहे. ३१ डिसेंबर २००९ पासून पीडिताला निर्दोष सुटकेविरुद्ध, कमी गंभीर कलमाखाली दोषी धरल्याविरुद्ध आणि अपुऱ्या भरपाईविरुद्ध अपील करण्याचा स्वतःचा हक्क आहे, आणि त्यासाठी वेगळी परवानगी लागत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने मल्लिकार्जुन कोडगली प्रकरणात २०१८ साली ठरवले. शिक्षा कमी झाली एवढ्या कारणावर मात्र पीडिताला अपील करता येत नाही. तो अधिकार सरकारचा आहे. म्हणून आम्ही शिक्षेच्या वर्षांविषयी काही मागितलेले नाही. तिसऱ्या आरोपीचा समान उद्देश कलम ३४ खाली तपासला जावा आणि भरपाईची रक्कम दादाच्या हाताला आलेल्या कायमच्या अधूपणाच्या प्रमाणात ठरावी, या दोनच मागण्या त्यात आहेत. दोन्ही अपिले एकत्र ऐकली जाणार आहेत आणि त्यांचा युक्तिवाद अद्याप व्हायचा आहे.